डेटिंग ॲपवर ‘भारतीय मुलगी’ म्हणून होणारं कौतुक मनावर घ्यायचं का?

तुम्ही लिहिलंय की लंडनला शिकायला आल्यापासून ॲपवर कुणी ‘एक्झॉटिक’ म्हणतं, कुणी ‘भारतीय असून किती मोकळी आहेस’ म्हणतं, आणि हे सोडून द्यावं की कसं ते कळत नाही. मी मूळची साताऱ्याची, इथे सात वर्षं झाली. माझ्या मते मनावर घ्या.

‘करीचा वास येतो का’ असं विचारणाऱ्याला मी लगेच ब्लॉक करते. अवघड असतो तो गोड बोलणारा. एकाला मी तीनदा भेटले. वाचणारा, वेटरशी नीट बोलणारा माणूस. तिसऱ्या भेटीत म्हणाला, “मला भारतीय मुलीच आवडतात, तुम्ही घराला धरून असता.” मी एकटी राहते, कुकर लावण्यापलीकडे स्वयंपाक करत नाही, हे त्याला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. समोर मी बसले होते आणि तो बोलत होता त्याच्या डोक्यातल्या बाईशी. मी हसून विषय बदलला. त्या हसण्याचा मला अजून त्रास होतो.

दुसरा म्हणाला, “तू सुंदर आहेस, टिपिकल इंडियन वाटतच नाहीस.” आणि मला घरची स्थळं आठवली. “मुलगी सावळी आहे, पण नाकीडोळी नीटस.” तो ‘पण’ ऐकतच मी मोठी झाले. शादी डॉट कॉमवर जून २०२० पर्यंत रंगावरून स्थळं शोधायची सोय होती. परदेशातल्या भारतीय बायकांनी आवाज उठवला तेव्हा ती गेली. त्याच महिन्यात ग्राइंडर या मुख्यतः समलिंगी पुरुषांच्या डेटिंग ॲपनेही वंशानुसार माणसं गाळायची सोय काढायचं जाहीर केलं. सोय काढली म्हणून नजर बदलत नाही. ओकेक्युपिड या डेटिंग साइटने २०१४ मध्ये आपल्याच सदस्यांचे आकडे मांडले, त्यात कृष्णवर्णीय स्त्रिया आणि आशियाई पुरुष यांना मिळणारी पसंती सरासरीपेक्षा कमी होती. तेव्हा उत्तरं आली नाहीत तर आपल्याच फोटोत खोट आहे असं समजून रात्र रात्र जागू नका. मी जागले आहे.

आता मी तिथल्या तिथे सांगते, “हे मला लागलं.” पुढची दोन मिनिटं फार महत्त्वाची. ‘गंमत केली’, ‘फारच हळवी आहेस’ असं आलं की मी बिल मागवते. गेल्या वर्षी एकजण मात्र गप्प झाला आणि म्हणाला, “काय लागलं, सांगशील?” मी त्याला त्या ‘पण’बद्दल सगळं सांगितलं. माझ्या नावात ज्ञ आहे. इथे सगळे ते तोडून दोन अक्षरांचं करतात, तोही करायचा. त्याने मला नाव सावकाश म्हणायला लावलं आणि फोनवर रेकॉर्ड करून घेतलं.

चार महिन्यांनी आमचं संपलं, कारणं वेगळी होती. अधूनमधून त्याचा फोन येतो, तेव्हा नाव बरोबर घेतो.