घोडे रंगवून इंग्लंडात पोट भरतं का?

तुझं पत्र दोनदा वाचलं. वडिलांची घोडागाडी अलिबागच्या किनाऱ्यावर, ओहोटीला कुलाबा किल्ल्यापर्यंत सवाऱ्या नेते. तू जे.जे.मधून पदवी घेतलीस, वय 24, आणि घोड्यांचाच चित्रकार व्हायचं म्हणून इंग्लंडला, न्यूमार्केटला यायचंय. ‘ताई, नुसत्या घोड्यांवर तिकडे पोट भरतं का? आणि एम.ए.ला प्रवेश घेऊन येऊ की दुसरा रस्ता आहे?’ असं विचारलंयस.

मी रेवदंड्याची. नवऱ्याच्या केंब्रिजमधल्या नोकरीमुळे इकडे आले, न्यूमार्केटला राहून अकरा वर्षं झाली. माझा रस्ता तुला चालणार नाही, पण वाटेतले खड्डे दाखवू शकते.

पोट भरतं. माझं पाचव्या वर्षी भरायला लागलं. तोवर घर नवऱ्याच्या पगारावर चाललं, ते लपवत नाही. तुझ्यामागे तसा पगार नसेल, तेव्हा पुढचं वाचताना एवढं लक्षात ठेव.

जागेची निवड तू बरोबर केलीस. न्यूमार्केट हे छोटंसं गाव, पण शर्यतीचे तीन हजारांच्या आसपास घोडे इथे तयार होतात. पहाटेपासून त्यांच्या रांगा गावातून माळाकडे निघतात आणि गाड्या निमूट थांबतात. रस्ता ओलांडायला घोडेस्वारांसाठी वेगळा सिग्नल आहे, त्याचं बटण खोगिरावर बसून हात पोचेल एवढ्या उंचीवर. तबेल्यांत काम करणारी राजस्थानची पोरं पुष्कळ भेटतील. पहिल्या हिवाळ्यात त्यांच्याशी हिंदीत दोन शब्द बोलायला मिळाले की मला दिवस बरा गेल्यासारखा वाटायचा.

आता मला कळायला तीन वर्षं लागली ती गोष्ट. आपल्याकडे चित्रातला घोडा महाराजांचा असतो, नवरदेवाचा असतो, नाहीतर हुसेनसाहेबांचा. पंढरपूरला जन्मलेल्या या माणसाचे घोडे आठव. उधळतात, माना फिरवतात, पण एकालाही नाव नाही, आणि नसावंच. मीही इकडे येताना तसेच घोडे घेऊन आले होते: फर्राटेदार ब्रश, उडणारी आयाळ. बघणारे ‘छान’ म्हणायचे आणि पुढे जायचे. इथलं गिऱ्हाईक ‘आमच्या घोडीचं’ चित्र मागायला येतं. तिचा डावा कान किंचित बाहेर वळलेला असतो, कपाळावरचा पांढरा टिळा नाकाकडे येताना तिरका जातो, आणि त्या तिरकेपणाचे पैसे ते देतात.

यात मी एकदा सपशेल तोंडावर आपटले. एका विधवा बाईंची घोडी नुकतीच गेली होती. त्यांनी फोनवरून फोटो पाठवला. वीस मैलांवर त्यांचं घर. जाऊन घोडीचे जुने फोटो, कागदपत्रं बघायचा मी आळस केला. महिनाभर खपून चित्र केलं, चकाकी अशी आली की मीच माझ्यावर खूश. बाईंनी कापड बाजूला केलं आणि नुसत्या बघत राहिल्या. मग म्हणाल्या, “हा तिचा पाय नाही.” फोटो आरशातल्यासारखा उलटा झालेला होता. मागच्या डाव्या पायाचा पांढरा मोजा, म्हणजे खुराच्या वरचा पांढरा भाग, मी उजव्याला घातला होता, टिळाही उलट्या बाजूला गेला होता. अख्खं चित्र पुन्हा केलं, पैसे अर्धेच मागितले. तेव्हापासून प्रत्येक घोड्याच्या पासपोर्टवरची खुणांची आकृती बघितल्याशिवाय मी कोळशाची रेघ मारत नाही. हो, इथे घोड्याला पासपोर्ट असतो.

रंगाची नावंही शिकून ये. आपल्याकडे पंचकल्याणी, अबलख, कुमैत म्हणतात तशी इथे काटेकोर नावं आहेत. दुधासारखा पांढरा दिसणारा घोडासुद्धा इथे बहुतेक वेळा ‘ग्रे’च, कारण तो जन्मतो गडद रंगाचा आणि वयाबरोबर पांढरा होतो. प्रदर्शनातल्या चिठ्ठीवर मी ‘व्हाइट’ लिहिलं तर एका म्हाताऱ्या ट्रेनरने खिशातून पेन काढून तिथल्या तिथे दुरुस्ती केली.

लंडनला उतरलास की आधी नॅशनल गॅलरीत जा, प्रवेश फुकट आहे. जॉर्ज स्टब्जचा ‘व्हिसलजॅकेट’ बघ. 1762च्या सुमाराचं चित्र, जवळजवळ 3 मीटर उंच, मागे झाड नाही, आभाळ नाही, पाठीवर स्वार नाही. नुसता घोडा. 1997 साली गॅलरीने त्याला 1 कोटी 10 लाख पौंड मोजले. हा स्टब्ज लिव्हरपूलच्या चामड्याचं काम करणाऱ्याचा मुलगा. लिंकनशरमधल्या हॉर्कस्टो नावाच्या खेड्यात दीड वर्ष राहून त्याने मेलेले घोडे छताला टांगले, एकेक थर सोलत चित्रं काढली. वासाची कल्पना कर. त्यातून 1766 साली घोड्याच्या शरीररचनेचं त्याचं पुस्तक निघालं. आमच्या गावातल्या पॅलेस हाउसच्या संग्रहालयातही शर्यतीच्या घोड्यांची चित्रं आहेत. आणि एसेक्समधल्या डेडम गावी आल्फ्रेड मनिंग्ज या घोड्यांच्या चित्रकाराचं घर बघायला वेळ काढ. विशीत त्याचा एक डोळा गेला, तरी पुढे रॉयल अकॅडमीचा अध्यक्ष झाला. घोड्याच्या अंगावर निळं आभाळ कसं उतरतं ते त्याच्या चित्रांत बघून मी माझी पॅलेट बदलली.

तुला मेलेले घोडे टांगायची गरज नाही, पण पाय पाठ हवेत. मागच्या पायाचा जो सांधा आपल्याला उलटा गुडघा वाटतो, तो खरं म्हणजे घोटा. खरा गुडघा वर, पोटाच्या कडेला. घोडा एकेका बोटाच्या नखावर उभा असतो, आणि पुढच्या गुडघ्याखाली मांस नसतंच, हाड आणि कंडरा, म्हणजे स्नायूंच्या दोऱ्या. तिथे गोलाई दिलीस की जाणकार मान हलवतो. धावत्या घोड्याचं तर जुन्या चित्रकारांनाही कळलं नव्हतं. पुढचे पाय पुढे, मागचे मागे ताणून ते घोडा हवेत तरंगवायचे. 1878मध्ये मायब्रिज नावाच्या छायाचित्रकाराने कॅलिफोर्नियात ओळीने कॅमेरे लावून फोटो काढले तेव्हा दिसलं, की चारही पाय जमिनीवरून उचललेले असतात ते पोटाखाली गोळा झालेले असताना.

याचा निम्मा अभ्यास तुझ्या दाराशी आहे, हे मला इथे येऊन कळलं. न्यूमार्केटच्या गवतावर ठसा नीट उमटत नाही. अलिबागच्या काळ्या, घट्ट, ओल्या वाळूत तो तासभर टिकतो. ओहोटीला वडिलांची गाडी किल्ल्याकडे निघाली की मागोमाग चालत जा. चाकांच्या दोन रेघांच्या मध्ये बघ: सावकाश चालीत मागचं खूर पुढच्याच्या ठशावर किंवा जरा पुढे पडतं. दुडक्या चालीत तिरपे जोडीदार पाय, म्हणजे पुढचा डावा आणि मागचा उजवा, एकदम पडतात. ठशाची पुढची कड खोल असेल तर तिथे ओढ लागली, पाणी भरून आलं असेल तर वजन जास्त बसलं. पाच सवाऱ्या बसल्यावरचे ठसे आणि रिकाम्या गाडीचे ठसे शेजारी शेजारी काढ. हे शिकवणारा वर्ग मला इंग्लंडात अजून सापडलेला नाही.

आता कागदपत्रं. विद्यार्थी व्हिसावर स्वतःचा धंदा करता येत नाही. शिकत असताना एक चित्र विकलंस तरी नियम मोडला, हे एजंट सांगत नाहीत. माझ्या ओळखीच्या एका मुलीला मुंबईतल्या एजंटाने ‘शिकता शिकता चित्रांच्या ऑर्डरी घे’ म्हणून पाठवलं. बिचारी दोन वर्षं दुकानात उभी राहून फी फेडत बसली. पदवीनंतरच्या ग्रॅज्युएट व्हिसावर चित्रं विकता येतात, पण त्याची मुदत सध्या दोन वर्षं आहे आणि 2027पासून दीड वर्ष होणार आहे. निव्वळ घोडे शिकायला एम.ए.ची अवाढव्य फी भरू नकोस, असं माझं स्पष्ट मत.

तुझ्या वयाला बरा रस्ता इंडिया यंग प्रोफेशनल्स योजनेचा. 18 ते 30 वय, पदवी, आणि खात्यात 28 दिवस सलग 2,530 पौंड. सोडत निघते, वर्षाला 3,000 जागा, नाव नोंदवायला पैसे लागत नाहीत. खिडकी मात्र दोन दिवसच उघडी असते, तेव्हा सरकारी संकेतस्थळावर नजर ठेव. नाव लागलं तर दोन वर्षं. नोकरी चालते आणि घरच्या घरी लहानसा धंदाही चालतो, फक्त हाताखाली माणूस ठेवायचा नाही आणि साहित्य 5,000 पौंडांच्या आत. आरोग्याचा अधिभार वर्षाला 776 पौंड, तो आधीच भरावा लागतो. पुढे नाव झालं तर कलावंतांसाठी ग्लोबल टॅलेंट व्हिसा आहे, पण तो आज तुझ्यासाठी नाही.

पैशाचं सांगते. माझं पहिलं चित्र 150 पौंडांना गेलं, आज साधारण दोन बाय अडीच फुटांच्या तैलचित्राचे 1,800 घेते, निम्मे आगाऊ. वर्षाला बारा-चौदा होतात. गॅलरीतून विकलं तर चाळीस ते पन्नास टक्के तिचे. कुत्र्यांचीही चित्रं काढते, आणि कमाईचा तिसरा हिस्सा कुत्र्यांचा आहे, त्यात लाज कसली? करवर्ष 5 एप्रिलला संपतं, विवरण 31 जानेवारीपर्यंत. पावत्या एका डब्यात टाकत जा. भाव बोलताना गोंधळू नकोस, घोड्यांच्या लिलावात अजून गिनीचा हिशेब चालतो. एक गिनी म्हणजे एक पौंड पाच पेन्स. चित्राचा भाव मात्र पौंडातच सांग.

डिसेंबरात चार वाजता अंधार पडतो. घोड्याचा रंग दिव्याखाली खोटा दिसतो, म्हणून हिवाळ्यात मी सकाळी रंगवते आणि दुपारी फ्रेमा करते. भाड्याच्या खोलीत टर्पेंटाइनच्या वासावरून घरमालकाशी भांडण होईल, ते आधीच विचारून घे. बाकी जेवणाखाण्याचं तुला कुणीही सांगेल.

निघण्याआधी एक दिवस सासवण्याला जा, मांडव्याकडे जाताना वाटेतच आहे. नानासाहेब करमरकरांचं घर आता शिल्पालय आहे. पुण्याचा 1928चा अश्वारूढ शिवाजी महाराजांचा पुतळा त्यांचा. लंडनला शिकून येऊनसुद्धा अंगणात त्यांनी काय करून ठेवलंय, तर म्हैस. तिच्यासमोर बस. मला तरी ती दरवेळी कुणाच्या तरी गोठ्यातली, दावं सोडवून आलेली, ओळखीची म्हैस वाटते.

आणि तुझं पुढचं पत्र येईल त्यात वडिलांच्या घोड्याचं एक चित्र पाठव. फोटोवरून नको, समोर उभा राहून, आधी डावी बाजू, मग उजवी. तुझ्या चार पानांत व्हिसा आहे, फी आहे, हुसेनसाहेब आहेत. त्याचं नाव तेवढं कुठे नाही, तेही कळव.