आरशाला थोडं लबाड करा

प्रश्न : मी एक अद्भुतकथा लिहिते आहे. त्यातला आरसा नायिकेला तिचं भविष्य दाखवतो. पण तिला सगळं आधीच कळल्यावर पुढे लिहायला काही उरतच नाही. आरसा काढून टाकू का?

उत्तर : अजिबात नको. हिमगौरीच्या गोष्टीतला आरसा तुम्हाला आठवत असेल. ग्रिम बंधूंनी ती १८१२ मध्ये छापली. तो आरसा प्रामाणिक, पण फक्त आत्ताचं सांगणारा. मला तर तो चहाडखोरच वाटतो. तुमच्या कामाचा आहे तो टॉल्किनच्या ‘द फेलोशिप ऑफ द रिंग’ या कादंबरीतला, गॅलॅड्रिएल या जादुई वनराज्याच्या स्वामिनीचा. खरं तर तो आरसाही नव्हे, चांदीच्या उथळ भांड्यातलं पाणी. त्यात घडलेलं, घडत असलेलं आणि घडू शकेल असं सगळंच दिसतं, पण कुठलं कोणतं ते कळत नाही. नायकाचा सोबती सॅम याला त्यात गावाकडची झाडं तुटताना दिसतात आणि तो घरी पळायला निघतो. तेव्हा गॅलॅड्रिएल बजावते की काही दृश्यं खरी होतात ती ती टाळायला वाट सोडणाऱ्यांमुळेच. तुमची पुढची सगळी कथा इथे दडलेली आहे!

मी एकदा पाच भविष्यं दाखवणारा आरसा लिहिला होता. तिसऱ्या भविष्यापाशी माझा मित्र घोरायला लागला. तुम्ही एकच तुकडा दाखवा. नायिकेला आरशातल्या स्वतःच्या मनगटावर एक व्रण दिसू दे, जो आज तिथे नाही.