पुण्यात दिवाणी वकिली केल्याचा पुढे सरकारी कायदा सल्लागार किंवा राजनयिक व्हायला काही उपयोग होतो का?

तुम्ही लिहिलंय की शिवाजीनगर कोर्टात चार वर्षं 'नुसतं दिवाणी' केलंय आणि ती वर्षं वाया गेली की काय अशी भीती वाटते. त्या 'नुसतं'मुळे हे उत्तर लिहायला बसले.

मीही पुण्यात दिवाणीच करत होते. २००६ साली दिल्लीला एका सरकारी खात्यात कायदा सल्लागार म्हणून करारावर जायचं ठरवलं. पूर्ण वेळ पगारी नोकरी धरली की वकिली करता येत नाही, म्हणून सनद, म्हणजे वकिलीचा परवाना, स्थगित करायचा अर्ज देऊन आले आणि पेढे घेऊन सीनियरांच्या ऑफिसला गेले. सरांनी पेढा उचलला, अर्धा तोडला, उरलेला परत बॉक्समध्ये ठेवला. "सनद देऊन आलीस? मग आता तू वकील नाहीस. टिपण्या लिहिणारी कारकून. आणि आपलं निशाणी पाचचं, तात्पुरत्या मनाईच्या अर्जांचं, काम तिथे विचारतंय कोण?" बाकीचे ज्युनियर हसले. तो अर्धा पेढा मला अजून दिसतो.

पहिले सहा महिने सरांचंच खरं वाटत होतं. माझी पहिली टिपणी अकरा पानांची, कैफियतीच्या, म्हणजे प्रतिवादीच्या लेखी उत्तराच्या, थाटात, परिच्छेदवार इन्कार करत लिहिलेली. साहेबांनी ती उलटसुलट चाळली आणि विचारलं, "आपण करायचं काय, ते कुठल्या पानावर आहे?" कुठल्याच नव्हतं.

मग दुसऱ्या एका देशाबरोबरच्या कराराचा मसुदा आला. त्यात एक कलम होतं की नोटीस मिळाल्यापासून साठ दिवसांत आक्षेप घ्यायचा. बैठकीला परराष्ट्र खात्याचे दोघे, परदेशात दोन-तीन पोस्टिंग काढून आलेले. त्यांचं इंग्रजी ऐकून मी तोंडच उघडत नव्हते. पण 'मिळाल्यापासून' म्हटल्यावर डोळ्यांसमोर समन्स बजावणारा कोर्टाचा बेलिफ उभा राहिला. तुम्हाला काय सांगायचं? प्रतिवादी आत टीव्ही बघत असतो आणि अहवाल येतो, 'घर बंद, सबब दारावर चिकटवले'. पुढे दोन वर्षं समन्स मिळालं की नाही यावरच तारखा. मी विचारलं, "मिळाली हे ठरवणार कोण? ते म्हणाले मिळालीच नाही, तर?" सगळे गप्प. शेवटी कलम बदललं. मुदत पाठवल्याच्या तारखेपासून धरायची, आणि पोच आली नाही तरी ठरावीक दिवसांनी मिळाली असं समजायचं. चहाला त्यातल्या एकाने विचारलं, हे कुठे शिकलात? म्हटलं, बेलिफकडून.

आता तुमच्या 'नुसतं दिवाणी'बद्दल. दादरा-नगर हवेली पोर्तुगीजांकडून मुक्त करायला १९५४ साली पुण्याची माणसं गेली, सुधीर फडके गेले, हे पुण्यात सगळ्यांना पाठ असतं. त्याचा पुढे दावा झाला, तो वकिलांनाही ठाऊक नसतो. डिसेंबर १९५५ मध्ये पोर्तुगालने भारताला हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात खेचलं. म्हणणं काय, तर किनाऱ्यावरच्या त्यांच्या दमणहून या गावांना जायची वाट आमच्या हक्काची आहे. म्हणजे वहिवाटीच्या रस्त्याचा दावा! आणि पुरावा म्हणून १७७९ चा पुण्याचा तह आणि १७८३, १७८५ च्या मराठ्यांच्या सनदा, म्हणजे गावं दिल्याची पत्रं. प्रश्न असा की मराठ्यांनी गावं दिली म्हणजे राज्य दिलं की नुसता सारा? मावळातल्या देवस्थान इनामाच्या दाव्यात हाच प्रश्न मी तीन वर्षं घासला होता. इनाम जमिनीचं की साऱ्याचं? १९६० च्या निकालात न्यायालय म्हणालं, नुसता महसूल, वर्षाला १२,००० रुपयांचा जहागीर किंवा सरंजाम, सार्वभौमत्व नव्हे. वाट मिळाली ती खासगी माणसं, मुलकी अधिकारी आणि मालापुरती. सैन्याला, सशस्त्र पोलिसांना आणि शस्त्रांना नाही. आणि १९५४ मध्ये भारताने अडवणूक केली त्यात चूक नाही, असंही. आपल्या बाजूने उभे होते मोतीलाल सेटलवाड, आणि भारताने फक्त या खटल्यापुरते नेमलेले (तदर्थ) न्यायाधीश होते मुंबई हायकोर्टाचे मुख्य न्यायाधीश छागला, जे १९५८ ला वॉशिंग्टनला राजदूत म्हणून गेले.

छागला, लंडनला उच्चायुक्त म्हणून गेलेले आपले माजी मुख्यमंत्री बाळासाहेब खेर (ते सॉलिसिटर), १९७७ ला वॉशिंग्टनला राजदूत म्हणून गेलेले वकील नानी पालखीवाला, ही नावं बघून लोक स्वप्नं बघतात. त्या राजकीय नेमणुका. सरकार बोलावतं, अर्ज करता येत नाही. तिकडे बघून करिअर ठरवणं म्हणजे लॉटरीच्या भरवशावर फ्लॅट बुक करणं. पाकिस्तानने फाशी सुनावलेल्या कुलभूषण जाधवांच्या हेगमधल्या खटल्यात भारताचे वकील हरीश साळव्यांनी एक रुपया फी घेतली हे सगळ्यांना आठवतं. २०१९ ला १५ विरुद्ध १ असा जो निकाल लागला त्यामागे, आमच्या माणसाला भेटू द्या म्हणून पाकिस्तानला वारंवार पाठवलेल्या पत्रांची फाइल होती. ती कोणी लिहिली? टिपण्या लिहिणाऱ्या कारकुनांनीच.

तुम्हाला उघडे असलेले रस्ते दोन. यूपीएससी देऊन परराष्ट्र सेवा, त्यात लॉ वैकल्पिक घेता येतो, खुल्या गटाला ३२ वर्षं आणि सहा प्रयत्न. दुसरा, परराष्ट्र मंत्रालयाचा कायदा आणि करार विभाग. तिथल्या पदांच्या जाहिराती यूपीएससीच काढते. नीरू चढ्ढा याच विभागाच्या प्रमुख होत्या, आणि २०१७ मध्ये समुद्रकायद्याच्या आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणावर निवडून गेल्या. मला विचाराल तर हाच रस्ता धरा. तुमच्या सीनियरांना विचारू नका.

मागच्या दिवाळीत सरांना भेटायला गेले. शहाऐंशी झालेत. तो निकाल छापून नेला होता, सरंजामाचं पान दुमडून. देवस्थान इनाम त्यांनीच शिकवलं होतं मला. चष्मा लावून दोनदा वाचलं आणि म्हणाले, "मग हे दिवाणीच की." मी हो म्हटलं. पेढ्याचा विषय काढला नाही.

हां, एक राहिलं. मी राजनयिक कधीच नव्हते. करार तीन वर्षांनी वाढवला नाही, परत आले, सनद चालू करून घेतली, तोवर माझे पक्षकार दुसऱ्यांकडे गेलेले. कराराच्या नोकरीला जाणार असाल तर घरचा हप्ता कोण भरणार ते आधी बघा. आणि वयाची, अनुभवाची अट प्रत्येक जाहिरातीत वेगळी असते, ती मूळ जाहिरातीतच वाचा, माझ्या उत्तरात नाही.