मार्दुकच्या आधीचा बारीक 'डी'

प्रश्न असा आहे : प्राचीन इराकमधल्या बॅबिलोनच्या, खिळ्यांसारख्या अक्षरांतल्या लेखांच्या रोमन लिप्यंतरात मार्दुक, एनलिल अशा नावांच्या आधी, ओळीच्या जरा वर, बारीक 'डी' छापलेला असतो. तो वाचायचा का? आणि मूळ लेखात त्या 'डी'च्या जागी जी खूण असते, तिलाच कुठे 'आन', कुठे 'इल' का म्हणतात?

'डी' वाचायचा नाही. तो 'दिंगिर' या सुमेरी, म्हणजे तिथल्या जुन्या भाषेतल्या, शब्दाचं आद्याक्षर आहे. दिंगिर म्हणजे देव. पुढे येतंय ते देवाचं नाव आहे, एवढं डोळ्यांना कळावं म्हणून ही खूण, जिभेसाठी नाही. पुष्कळजण तिला आपल्या 'श्री'सारखी समजतात, पण श्री आपण उच्चारतो, ही मूक असते.

मुळात ही खूण म्हणजे चांदणीचं चित्र. मातीवर बोरूनं दाबताना त्या चांदणीचे चार-दोन खिळे झाले. सुमेरी लोक तिनं 'आन' म्हणजे आकाशही लिहीत आणि 'दिंगिर' म्हणजे देवही. अक्कडी ही बॅबिलोनची भाषा, अरबी-हिब्रूच्या कुळातली, सुमेरीशी काहीही नातं नसलेली. तिच्या लेखनिकांनी खूण तशीच उचलली आणि वाचली मात्र आपल्या शब्दांनी : देव म्हणजे 'इलुम', आकाश म्हणजे 'शमू'. (इलुम हा अरबी 'इलाह'चा सख्खा नातलग, 'इलाही' म्हणताना आपल्याही तोंडी त्याच घरातला शब्द असतो.) शिवाय नुसता ध्वनी म्हणूनही खूण वापरात राहिली. 'अन्नुम' म्हणजे 'हा', त्यातला पहिला 'अन' याच खुणेनं लिहीत. 'अन' हा ध्वनी सुमेरीतून आला आणि 'इल' अक्कडी इलुमवरून. एका खुणेच्या अंगावर दोन भाषांचे उच्चार चढले, ते असे.

मग वाचणाऱ्याला कळायचं कसं? इथे मला आपला '२रा' आठवतो. आकडा दोनचा, पण आपण 'दोनरा' वाचत नाही. मागचा 'रा' पाहून 'दुसरा' म्हणतो, आणि '२'पुढे 'रा' नसेल तर 'दोन'. अक्कडी लेखनिक नेमकं हेच करी. खुणेमागे 'लुम' लिहिलं की वाचायचं इलुम. 'ए' लिहिलं की शमे, म्हणजे 'शमू'चं विभक्तीतलं रूप. मागे असं शेपूट नसेल तर संदर्भावरून ठरवायचं.

प्रत्यक्ष उदाहरण हवं तर बॅबिलोनचा राजा हम्मुराबी याच्या कायद्याची सुरुवात घ्या. इ. स. पू. १८व्या शतकातला हा काळा शिलास्तंभ आता पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. आरंभीच्या वाक्याचा अर्थ असा : जेव्हा थोर अनुम, अनुन्नाकींचा (म्हणजे एका देवसमूहाचा) राजा, आणि एनलिल, आकाश व पृथ्वीचा स्वामी... यात 'अनुम' हे आकाशदेवाचं नाव लिहायला आपली एकटी चांदणी पुरली आहे. लगेच पुढे 'अनुन्नाकी'च्या आधी आणि 'एनलिल'च्या आधी तीच चांदणी पुन्हा येते, पण मूकपणे. गंमत म्हणजे त्याच वाक्यातलं 'आकाश' मात्र तिनं लिहिलेलं नाही, तिथे 'श-मे-ए' असे सुटे ध्वनी कोरले आहेत. लेखनिकाला मोकळीक होती आणि तो ती घेई, म्हणूनच खुणेचा एकच एक अर्थ पाठ करून हे लेख वाचता येत नाहीत.

मार्दुक लिहिताना मूक दिंगिर, मग 'अमार' म्हणजे वासरू, मग 'उतू' म्हणजे सूर्य, अशा तीन सुमेरी खुणा येतात, आणि अक्कडी वाचक म्हणतो 'मार्दुक'.

खुद्द 'बॅबिलोन' या नावातही ही चांदणी आहे, पण तिथे ती मूक नाही. हम्मुराबीच्या त्याच प्रस्तावनेत नगराचं नाव 'का-दिंगिर-रा' असं सुमेरी पद्धतीनं कोरलेलं आहे. 'का' म्हणजे दार, 'रा'मध्ये सुमेरी षष्ठी, आणि शेवटी 'की' ही खूण, जी ठिकाणाच्या नावामागे लागते आणि वाचली जात नाही. अक्कडीत हे सगळं मिळून वाचायचं 'बाबिलिम', म्हणजे देवाचं दार.