‘मेट्रोपोलिस’ची नायिका बोलपटांच्या काळात टिकली का?

टिकली की! ब्रिगिटे हेल्म लोकांसमोर आली तीच १९२७ च्या ‘मेट्रोपोलिस’ या जर्मन मूकपटातून, सालस मारिया आणि तिचं रूप घेतलेली यंत्रबाई अशा दुहेरी भूमिकेत. यंत्रबाई एक डोळा अर्धवट मिटून, मान झटकत बघते ना, तिथे संवाद लागतच नाहीत. आवाज आल्यावर बऱ्याच मूकतारका मागे पडल्या; हिने मात्र १९२८ चा मूक ‘आलराउने’ १९३० मध्ये बोलपट म्हणून पुन्हा केला. (मला विचाराल तर मूकच सरस.) पुढे १९३४ चा ‘गोल्ड’ वगैरे. १९३५ मध्ये एका उद्योगपतीशी लग्न करून तिने सिनेमा सोडला, नंतर स्वित्झर्लंड गाठलं. १९९६ मध्ये वारली, पण सिनेमाच्या दिवसांबद्दल मुलाखती द्यायला कायम नकारच.