दशांश अपूर्णांकाचा भागाकार करताना मुलं पुन्हा पुन्हा त्याच चुका का करतात?

तुमची मुलगी सहावीत आहे, ६.१२ ÷ ३ चं उत्तर दर वेळी २.४ काढते आणि पॉइंटचा नियम दहादा सांगूनही फरक पडत नाही, असं तुम्ही विचारलंय. नियम अकराव्यांदा सांगू नका. आधी तिला साधं ६१२ ÷ ३ घाला आणि शेजारी गप्प बसा.

मी पंधरा वर्षं घरी पाचवी ते सातवीच्या शिकवण्या घेते. हे २.४ माझ्या चांगल्या ओळखीचं आहे. गंमत म्हणजे ते दोन वेगळ्या वाटांनी येतं, आणि वाट कळल्याशिवाय समजावण्यात अर्थ नसतो.

६१२ चं उत्तर २४ आलं, तर बिचाऱ्या दशांशाचा काही संबंधच नाही. सहाला तीनचा भाग गेला, दोन. एकाला भाग जात नाही म्हणून तिने लगेच पुढचा दोन खाली घेतला, तीन चोक बारा, झालं. एकाला भाग जात नाही तेव्हा वर शून्य द्यायचं असतं, ते राहिलं. ही मागच्या इयत्तांतली चूक, आता पॉइंटच्या आड लपलेली. यावर चौकटीची वही हा चांगला उपाय आहे: भाज्यातल्या प्रत्येक अंकाच्या डोक्यावर एक घर, आणि पहिला भाग गेल्यानंतर एकही घर रिकामं ठेवायचं नाही. आम्ही शाळेत भागाकार उजवीकडे कंसात लिहायचो. तुम्हीही तसंच शिकवत असाल तर दशांशापुरतं तरी सोडा. उत्तर वर लिहिलं की पॉइंट बरोबर पॉइंटच्या डोक्यावर बसतो, वेगळा नियम लागत नाही.

६१२ चं २०४ बरोबर आलं आणि तरीही ६.१२ चं २.४ च, तर घोळ वाचण्यात आहे. ती ‘सहा पॉइंट बारा’ वाचते. (आपण मोठेही तेच म्हणतो.) मग सहाचे तीन भाग दोन, बाराचे तीन भाग चार, मध्ये पॉइंट. तिच्या लेखी पॉइंट म्हणजे दोन शेजाऱ्यांमधली भिंत. तिला ‘सहा पूर्णांक बारा शतांश’ म्हणायला लावा. बारा शतांशांचे तीन भाग म्हणजे चार शतांश, चार दशांश नव्हे.

इथे मी पूर्वी रुपये-पैसे वापरायचे. आता ते चालत नाही. पंचवीस पैशांपर्यंतची नाणी २०११ मध्ये चलनातून गेली, या मुलांनी चार पैसे कधी हातात घेतलेलेच नाहीत. शिवणाची टेप मात्र घरात असते. ६ मीटर १२ सेंटीमीटर रिबीन तिघींत वाटायची, प्रत्येकीला २ मीटर ४ सेंटीमीटर. मग टेपवर ४ सेंटीमीटर कुठे आणि ०.४ मीटर कुठे, तिथे बोटं ठेवायला सांगा. एक बोट चारवर, दुसरं चाळीसवर. माझ्याकडची एक मुलगी दोन्ही बोटं तशीच ठेवून बराच वेळ टेपकडे बघत होती, मग स्वतःच वहीतला २.४ खोडायला गेली.

दुसरी नेहमीची चूक बाकीची. ७.५ ÷ ६ केलं की मुलं १.२ वर थांबतात आणि ‘बाकी ३’ लिहितात. काही धीट मुलं तो तीन सरळ मागे चिकटवून १.२३ करतात! ते तीन म्हणजे तीन दशांश. पुढे शून्य घेतलं की तीस शतांश, साहा पंचे तीस, उत्तर १.२५. ७.५ आणि ७.५० एकच, हे पटलेलं नसेल तर शून्य घ्यायला हात धजावत नाही, म्हणून तेवढं आधी बघून घ्या.

आणि ०.६ ÷ १२. इथे हमखास ०.५ येतं, किंवा मूल गुपचूप बाराला सहाने भागून २ लिहितं, कारण ‘मोठ्याला लहानाने भागायचं’ हे कुणीतरी लहानपणी डोक्यात भरवलेलं असतं. सहा दशांशांना बाराचा भाग जात नाही, वर शून्य. साठ शतांशांना जातो, पाच. ०.०५.

ताळा मात्र प्रत्येक गणिताला करायला लावा, तोंडी चालेल. २.४ त्रिक ७.२. म्हणजे आणलेल्या रिबिनीपेक्षा वाटलेली जास्त! किती जास्त ते ७.२ मधून ६.१२ वजा करून तिलाच लिहू द्या, आणि ती १.०८ लिहिते की १.८, तेवढं बघा.