गाण्यांकडून चित्रपटसंगीताकडे: फ्रान्सिस लेचं उदाहरण

गाण्यांना चाली लावणाऱ्या, पण संगीताचं रीतसर शिक्षण न घेतलेल्या माणसाला अख्ख्या चित्रपटाचं संगीत पेलेल का, असं तुम्ही विचारलंय. पेलतं. मात्र दिग्दर्शक कोण आणि तो कसं काम करतो, यावर फार अवलंबून असतं. म्हणून फ्रेंच संगीतकार फ्रान्सिस लेचं उदाहरण देतो.

ले नीसचा, जन्म १९३२. वाद्य अकॉर्डियन. पॅरिसमध्ये गायिका एदित पियाफला साथ करता करता तो तिच्यासाठी चाली बांधू लागला. १९६३ मध्ये तिने ध्वनिमुद्रित केलेलं शेवटचं गाणं त्याचंच. चित्रपटाचा अनुभव शून्य. गीतकार-गायक पिएर बारूने त्याची दिग्दर्शक क्लोद ललूशशी गाठ घालून दिली आणि १९६६ मध्ये लेच्या संगीताचा, ललूशचा ‘अ मॅन अँड अ वुमन’ हा चित्रपट आला.

ललूश संगीत बऱ्याचदा चित्रीकरणाआधीच करून घ्यायचा आणि सेटवर नटांना ऐकवायचा. त्यामुळे तयार दृश्याच्या सेकंदांत सुरावट कोंबायची वेळ लेवर आली नाही. ज्यात तो मुरलेला होता तेच त्याने केलं: पुरी चाल बांधली. त्या चित्रपटाच्या प्रसिद्ध शीर्षकगीतात ‘दा बा दा’ अशा अक्षरांवर आवाज वाद्यासारखा फिरतो. प्रेमिक गप्प असतात तिथे गाणीच त्यांच्या मनातलं सांगतात. संवादांखाली दबून राहणारं पार्श्वसंगीत असतं, तर लेची ताकद वाया गेली असती, असं मला ठामपणे वाटतं.

पुढे १९७० चा ‘लव्ह स्टोरी’, आणि त्यासाठी ऑस्कर. त्याची मुख्य धून चित्रपटात शब्दांविना वाजते; कार्ल सिगमनने तिच्यावर इंग्रजी शब्द नंतर लिहिले आणि अँडी विल्यम्सने ते गायले. चाल मुळातच गाण्याची होती.

आता शिक्षणाचं. लेच्या चालींना वाद्यमेळ चढवायला क्रिस्तियाँ गोबेरसारखे संगीत-संयोजक होते. फ्रेंच गीतकार-गायक सर्ज गॅन्सबूरही चित्रपटांकडे वळला तेव्हा अलँ गोरागेर, मिशेल कोलोंबिए, ज्याँ-क्लोद व्हानिए अशा जाणकारांबरोबर काम करत होता. ही नावं श्रेयनामावलीत मुद्दाम शोधा. त्यांचं काम ऐकल्याशिवाय या संगीताची निम्मी बाजू कळत नाही.

तेव्हा तुम्ही आधी चांगला संयोजक गाठा. पटकथा चित्रीकरणाआधी मागून घ्या, मुख्य धून एकाच वाद्यावर, शब्दांशिवाय वाजवून दिग्दर्शकाला ऐकवा. ती तशीच त्याच्या मनात राहिली, तर वाद्यमेळाचं नंतर बघता येईल.